मूठभर मिठाचा उन्हाळा

परवा चारोटी नाक्यावर एसटीची वाट बघत उभी होते. ताडगोळेवाल्या बायका नुकत्याच पाट्या मांडून बसल्या होत्या. एकीने हाक मारली, "घ्या ना बाई, कवळे हायेत, पानी पानी हायेत नुसते." घेतले. पिशवी हातात आली, मान वर केली, तर समोर हायवेवर तो पांढरा, कोरडा, डोळे मिटायला लावणारा उजेड. आणि छातीत धस्स झालं.

दर वर्षी होतं. लेक शाळेत जायला लागली, उलट उत्तरं द्यायला लागली, माझ्या चपला घालून नाचते, तरी होतं. वैशाखातला हा उजेड नजरेला पडला की बाहेर अंग भाजत असतं आणि माझे तळहात गार पडतात. लोक उन्हाळा आठवतात तो आंब्यांचा, मामाच्या गावाचा, गच्चीवर झोपण्याचा. मला आठवतो तो मिठाचा. हसू नका. मीही आधी हसलेच होते. त्या साली आमचं सगळं घरच हसत होतं.

दोन हजार सोळाचा उन्हाळा. आम्ही डहाणू रोडला रेल्वेच्या क्वार्टरमध्ये राहायचो. नवरा बुकिंगच्या खिडकीवर, मी तलासरीच्या पलीकडे जिल्हा परिषदेच्या शाळेत. लेक ओवी वर्षाची झालेली, भिंत धरून चालणारी. तिला सांभाळायला संगमनेरहून माझ्या सासूबाई आलेल्या. सगळे त्यांना माई म्हणतात. माईंना हे गाव काही केल्या मानवेना. दुपारी वारा पश्चिमेकडून सुटला की धाकट्या डहाणूकडे वाळत घातलेल्या बोंबलांचा वास यायचा, आणि वारा पडला की मागच्या वाडीतल्या पिकल्या चिकूंचा. माई खिडकीशी उभ्या राहून म्हणायच्या, "मेलं हे गाव! एका नाकपुडीत फळं, दुसऱ्या नाकपुडीत मासळी. माणसानं श्वास घ्यायचा तरी कुठल्या नाकपुडीनं?"

त्यांचं आणि माझं भांडण नव्हतं, पण गूळपीठही नव्हतं. त्या भाजीला फोडणी दिली की मी मीठ चाखून बघणार, मी ओवीला टोपरं घातलं की त्या ते काढून परत नीट बांधणार. दोघींची तोंडं आपापल्या कामात. समेट व्हायचा तो फक्त टीव्हीपुढे. संध्याकाळी दिवा लावून झाला की एक विनोदी कार्यक्रम लागायचा, आणि त्यात आठवड्यातून एकदा यायचे डॉक्टर उपदेशे.

काय तो माणूस होता! पांढरा कोट, गळ्यात नळी, चष्मा नाकाच्या शेंड्यावर, मागे कुटुंब नियोजनाचा लाल त्रिकोण. हात जोडून उभा राहायचा, अगदी सरकारी जाहिरातीतल्यासारखा, आणि तोंडावरची माशी न हलू देता सांगायचा, "बंधूभगिनींनो, जेवणाआधी हात धुवा. पाणी नसेल तर पाणी येईपर्यंत जेवू नका. जनहितार्थ!" दुसऱ्या आठवड्यात डास. "आठवड्यातला एक दिवस कोरडा पाळा. ज्यांच्या नळाला पाणीच येत नाही त्यांचं अभिनंदन, आपण सातही दिवस पाळत आहात." माई पदराचा बोळा तोंडात कोंबून हसायच्या. त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायचं. मी हसायचे ते थोडं डॉक्टरांना आणि बरंचसं माईंना. त्या माझ्या मांडीवर थाप मारायच्या, "अगं, बघ बघ, काय बोलतोय मेला!" माझ्या लग्नातल्या उखाण्यानंतर एकमेकींकडे बघून आम्ही पहिल्यांदा हसलो ते डॉक्टर उपदेश्यांच्या कृपेने. खोटं कशाला बोलू?

आणि मग तो जुलाबाचा भाग लागला. उन्हाळ्याचे दिवस, खऱ्या जाहिरातीही तेव्हा तेच सांगत होत्या, म्हणून यांनीही तेच घेतलं. डॉक्टर उपदेशे आले, मागून ढोलकी वाजली आणि त्यांनी चक्क गाणंच म्हटलं.

"मूठभर मीठ नि साखर चिमूट,
जुलाब म्हणती, आम्हाला सूट!"

शेजारी उभा असलेला त्यांचा कंपाउंडर मध्येच काहीतरी पुटपुटला, त्याला डॉक्टरांनी एक लगावली, मागचं ते आधीच टेप करून डब्यात भरून ठेवलेलं हसू फुटलं, आणि डॉक्टर म्हणाले, "साखरेचा भाव बघितलायस का गाढवा? जनहितार्थ!"

चाल अशी होती की डोक्यातून जाता जाईना. नवरा दाढी करताना म्हणायचा. शेजारचे पार्सल ऑफिसवाले काका जिन्यात म्हणायचे. माई तर ओवीला पायावर घेऊन झुलवायच्या, "मूठभर मीठ..." आणि ओवी "सूट"च्या जागी टाळी वाजवायची. तिला शब्द येत नव्हते, पण टाळीची जागा बरोबर कळायची. तेव्हा मला त्यात काही वावगं वाटलं नाही. कोणाला वाटेल?

पहिला धक्का मला घरी बसला नाही, तो शाळेत बसला. एप्रिलच्या शेवटी हात धुण्याचा कार्यक्रम करायचा असं वरून पत्र आलं होतं. बरोबर एक रंगीत तक्ता आला होता, त्यात गोबऱ्या गालांची मुलं नळाखाली हात धरून उभी. मी तक्ता फळ्याला अडकवला, घसा साफ केला आणि म्हटलं, "मुलांनो, जेवणाआधी काय करायचं?"

सगळा वर्ग एका सुरात, नाकात बोलत, हात जोडून ओरडला, "पानी नाय तं जेवायचा नाय! जनहितार्थ!"

मी खो खो हसले. खरंच हसले. पोरंही लोळायला लागली. त्यांच्या पाड्यावर दुकानदाराने ओट्यावर टीव्ही लावला होता, वर डिश, आणि सगळा पाडा तिथे जमायचा. हसता हसता माझं लक्ष खिडकीबाहेर गेलं. आमच्या शाळेचा हातपंप फाल्गुनातच आटला होता. दांडा मारला की आतून नुसता खर्रखर्र आवाज यायचा. मुली झऱ्यावरून पाणी आणायच्या, ते प्यायलाच पुरत नसे. माझ्या तोंडावरचं हसू जागच्या जागी वाळलं. ह्या पोरांच्या आयुष्यात नळ अजून आला नव्हता. हात धुण्याचा धडा आत्ता माझ्या हातातून येत होता. आणि त्या धड्याची टिंगल त्यांच्यापर्यंत कधीच पोचून पाठ झाली होती. अस्सल वाटेवर होतं, नक्कल आधी येऊन बसली होती. मी तक्ता गुंडाळून ठेवला, आणि त्या दिवशी भूगोल शिकवला.

तेव्हापासून मी ह्याचा विचार करते. टिंगल करणारा माणूस एक गोष्ट गृहीत धरतो, की ऐकणाऱ्याला खरं काय ते ठाऊक आहे. ते ठाऊक असेल तरच उलटं ऐकून हसू येतं. मुंबईत बसून लिहिणाऱ्याला वाटलं असेल, ही जाहिरात तर लहान मुलालाही पाठ आहे, आता जरा उलटी करून दाखवू. त्याचं काही चुकलं असं मी म्हणत नाही. तो माणूस कलाकार होता, आणि कोरड्या दिवसाचा टोला त्याने जिथे बसायला हवा तिथेच मारला होता. पण डिशच्या छत्रीला कुठे ठाऊक असतं, कोणाच्या घरात खरं पोचलंय आणि कोणाच्या नाही? ती आपली सगळ्यांच्या घरात सारखंच ओतते.

हे झालं मोठं मोठं बोलणं. माझी ओवी काही पाड्यावर राहत नव्हती. आमच्या घरात पदव्या होत्या, फ्रीज होता, नळाला सकाळ-संध्याकाळ पाणी होतं. माई जुन्या मॅट्रिक. तेव्हा हे आमच्या घरात होणं शक्यच नव्हतं. असं मला वाटायचं.

मे महिन्यात तलासरीला आमचं प्रशिक्षण लागलं. सकाळी निघाले तेव्हा ओवी माईंच्या मांडीवर बसून भाताची शितं वेचत होती. मी गेल्यावर तिला जुलाब सुरू झाले. माईंनी स्टेशनवर नवऱ्याला फोन केला. खिडकीवर रांग, गाडीची वेळ, तो म्हणाला, "माई, साखर-मिठाचं पाणी देत राहा, ड्युटी संपली की डॉक्टरकडे नेतो." बरोबरच सांगितलं त्याने. घरोघरी हेच सांगतात.

दुपारी मी जिना चढत होते तेव्हाच आवाज ऐकला. बाळाचं रडणं आईला कळतं हो. भुकेचं वेगळं, झोपेचं वेगळं, हट्टाचं वेगळं. हे त्यातलं कुठलंच नव्हतं. बारीक, चिरका, ताणलेला सूर, थांबायचा, परत त्याच पट्टीत लागायचा. मी उरलेल्या पायऱ्या कशा चढले मला आठवत नाही. माई स्वयंपाकघराच्या दारात फरशीवर बसल्या होत्या, मांडीवर ओवी, शेजारी तांब्या आणि चमचा. ओवीचे ओठ सुकून पांढरे, डोळे टक्क उघडे, आणि ती चमच्याकडे झेपावत होती.

"आलीस का गं बाई," माई रडवेल्या होऊन म्हणाल्या, "बघ ना, किती तहानलीय पोर. आधी थुंकत होती, आता देईन तेवढं पिते आणि परत रडते. अर्धा तांब्या संपवलाय. तरी हिची तहान भागत नाही."

मी चमचा उचलला आणि तोंडाला लावला.

डहाणूच्या समुद्रात पाय घसरून तोंडात लाट गेली की कसं होतं, तसं झालं. मी ते पाणी फरशीवरच थुंकले.

"माई, काय घातलंत यात?"

"काय म्हणजे? मूठभर मीठ आणि चिमूटभर साखर." त्यांनी आपली मूठ पुढे केली आणि लगेच अर्धी मिटली. "माझी मूठ नव्हे गं, एवढीशी. बाळाच्या मानाने."

मी तांब्या ओढून घेतला. "उलटं आहे ते माई! उलटं! चिमूटभर मीठ! साखर जास्त!"

"साखर जास्त?" माई म्हणाल्या. "जुलाबात गोड? अगं, गोडानं जुलाब वाढतात, पोटात जंत होतात. एवढंही मला कळत नाही का?"

आणि इथे माझी मती गुंग होते, आजही होते. मुंबईतल्या त्या लेखकाने विनोद करायचा म्हणून, काहीतरी वेड्यासारखं वाटावं म्हणून मीठ आणि साखर उलटी केली. पण आमच्या घराघरांतून पिढ्यान्‌पिढ्या जे सांगत आले ते नेमकं तेच होतं. पोट बिघडलं की गोड बंद. उन्हाळा लागला की मीठ वाढवा. इकडे शेतावर, वाडीवर बायका पेज नेतात त्यात मीठ असतं, कैरीला मीठ, ताकाला मीठ, उन्हातून आलेल्या माणसाला आधी मिठाचं काहीतरी. त्या गाण्यातलं वेडेपण आमच्या माईंना दिसणारच कुठून? त्यांना ते शहाणपणच वाटलं. शिवाय चाल पाठ होती. घाबरलेल्या माणसाला अर्थ आठवत नाही, चाल आठवते.

रिक्षा दारातच मिळाली. सरकारी दवाखाना काही लांब नव्हता, पण त्या दिवशी बाजारातली प्रत्येक हातगाडी आमच्याच आडवी येत होती. माई माझ्या शेजारी बसून ओवीचा पाय धरून होत्या आणि देवाचं नावसुद्धा घेत नव्हत्या.

मुलांच्या वॉर्डात एक तरुण डॉक्टरीणबाई होत्या. ओवीला टेबलावर घेऊन त्या तिचं पोट चिमटीत धरून बघत होत्या, टाळू दाबून बघत होत्या. "काय दिलं घरी? काय काय पाजलं?"

माईंनी तोंड उघडलं. शब्द येईनात. आणि मग त्यांच्या तोंडून गाणंच बाहेर पडलं. चालीत. अगदी त्याच चालीत, त्या म्हणाल्या, "मूठभर मीठ नि साखर चिमूट..."

डॉक्टरीणबाईंचे हात थांबले.

आणि शेजारच्या खाटेवरून एका बाईचा आवाज आला, "जुलाब म्हणती, आम्हाला सूट."

मी वळून बघितलं. कोवळ्या वयाची होती. गुडघ्यावर लुगडं, केस घट्ट बांधलेले, मांडीवर टॉवेलात गुंडाळलेलं मूल. ती माईंकडे बघून हसली. गावचं माणूस अनोळखी ठिकाणी भेटल्यावर हसतात तसं. "आजी, मी पन तेच दिला पोराला," ती म्हणाली. "काल सांजपासना देतोय."

डॉक्टरीणबाईंनी ओवीला नर्सकडे दिलं आणि त्या दोन ढांगांत त्या खाटेशी गेल्या. टॉवेल बाजूला केला. "काय दिलं? परत सांग. किती दिलं?" बाईचं हसू तोंडावरच अडकलं. आपण काय चुकीचं बोललो ते तिला कळेना. तिने मूठ करून दाखवली. तिची मूठ माईंच्या मुठीपेक्षा लहान होती. पण माईंनी फक्त सकाळपासून दिलं होतं, आणि हिने रात्रभर.

मला त्या क्षणी काय वाटलं ते सांगते, चांगलं नाही तरी सांगते. मला वाटलं, हे स्वप्न आहे. दोन घरं, एक संगमनेरची सासू, एक पाड्यावरची पोर, दोघींनी एकमेकींना जन्मात बघितलेलं नाही, आणि दोघींच्या तोंडात तेच दोन चरण. अशी एकजूट मी कुठल्या सणाला, कुठल्या निवडणुकीला पाहिली नव्हती.

तिचं नाव वनिता. सायवनच्या पुढच्या एका पाड्यावरची. नवरा बोटीवर गेलेला. ती डहाणूकडच्या एका चिकूच्या वाडीत तोडणीला यायची, तिथे मालकाच्या पडवीत संध्याकाळी टीव्ही लागायचा. मूल घरी आजारी पडलं. पहाटे ती निघाली, पाड्यापासून रस्त्यापर्यंत चालत, मग जीप भरेपर्यंत थांबणं, मग दुसरी जीप. आमच्याआधी नुकतीच पोचली होती. हे सगळं तिने माईंना सांगितलं, डॉक्टरीणबाई तिच्या मुलाला सुई लावत असताना. माई तिच्या खाटेवर जाऊन बसल्या होत्या. एरवी दारावरच्या मासळीवालीला उंबऱ्यात पाऊल ठेवू न देणाऱ्या माझ्या सासूने तिचा हात आपल्या दोन्ही हातांत धरला होता. "आमच्यात पन गोड नाय देत," वनिता सांगत होती. "गोडानं वाढतं." माई नुसत्या मान हलवत होत्या.

डॉक्टरीणबाईंनी मला बाजूला घेतलं. मीठ रक्तात चढलंय, म्हणाल्या, ते हळूहळू उतरवावं लागतं, घाई केली तरी धोका. ओवीला सलाइन लागलं, इतकं सावकाश की थेंब पडतोय की नाही असं वाटावं. वनिताच्या मुलाला तेवढ्यात झटके आले. त्याची मूठ आवळली, मान वळली. इथे नाही होणार, सेलवासच्या मोठ्या दवाखान्यात न्यायला पाहिजे असं ठरलं. रुग्णवाहिका आली. वनिताने पिशवी उचलली, चप्पल शोधली, दाराशी जाऊन परत वळली आणि माईंना म्हणाली, "आजी, येतू हां." पाहुणी घरून निघावी तशी ती सांगून गेली.

ओवी वाचली. दोन-तीन दिवस ती नुसती पडून होती, मग एका सकाळी तिने माईंच्या बांगड्यांना हात घातला, बांगडी निघेना म्हणून तिला राग आला आणि ती रडली. जाड, खडबडीत, हट्टी रडणं. आपलं नेहमीचं. मी इतकी रडले की नर्स मलाच पाणी घेऊन आली.

घरी आल्यावर माईंनी टीव्हीवर एक जुना टॉवेल टाकला. कोणाला शिव्या दिल्या नाहीत. नवरा फार तापला होता, चॅनेलला लिहितो, अमुक करतो, तमुक करतो. माई म्हणाल्या, "काय लिहिणार? 'माझी आई गाण्यावर विश्वास ठेवते' म्हणून?" माई मग बरेच दिवस ओवीला काही भरवण्याआधी माझ्याकडे बघायच्या. भात दाखवायच्या, दूध दाखवायच्या, "बघ गं, चालेल का?" ह्याचा मला जास्त त्रास झाला. ज्या बाईने टोपरं बांधण्यावरून माझ्याशी दावा मांडला होता तिने अशी परवानगी मागावी, हे मला बघवेना. मी म्हणायचे, "माई, द्या ना तुम्हीच." तरी त्या विचारायच्या.

पुढे मी तो जुलाबाचा भाग मोबाइलवर परत बघितला. का बघितला, देव जाणे. खपली काढायची खोड. त्यात तो कंपाउंडर मध्येच पुटपुटतो ना, ते मी या वेळी कान देऊन ऐकलं. आणि पुन्हा एकदा गार पडले. तो बरोबर सांगत होता! "डॉक्टर, एक लिटर उकळून गार केलेलं पाणी, सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ, असं आहे ना?" अगदी स्पष्ट. लिहिणाऱ्याने आपल्या परीने काळजी घेतली होती. खरं तिथे होतं. त्याच्या पुढच्याच क्षणी थप्पड आणि डब्यातलं हसू. आम्ही सगळे त्या थप्पडीची वाट बघत होतो, त्यामुळे थप्पड खाणारा काय बोलला ते कोणीच ऐकलं नव्हतं. मी ते परत परत ऐकलं. किती साधं वाक्य होतं ते.

शाळा सुरू झाल्यावर मी पोरांना तेच वाक्य शिकवलं. चाल नाही, टाळी नाही. पुढ्यात पाण्याची बाटली, साखर, मीठ आणि चमचा ठेवून, प्रत्येकाच्या हातून करून घेतलं, चाखायला लावलं. डोळ्यांतल्या पाण्यापेक्षा खारट लागलं तर फेकून द्यायचं, असं सांगितलं. पोरं म्हणाली, "बाई, गाणा म्हना ना!" मी असं डोळे वटारून बघितलं की वर्ग चिडीचूप. मी तशी मारकुटी नाही. त्या दिवशी पोरं मला घाबरली.

मग दिवाळी गेली. तलासरीचा आठवडी बाजार होता, माझी सुट्टी म्हणून ओवी माझ्याबरोबर होती. कमरेवर घेतलं होतं, दोन्ही मुठींत फरसाण. सुक्या मासळीच्या रांगेत मी भाव करत होते, तेवढ्यात मागून कोणीतरी ओवीचा पाय धरला.

"बाई, ही तुमची पोशी ना? दवाखान्यातली?"

वनिता होती. चेहऱ्यावर तेच हसू, ओळखीचं. तिने ओवीच्या गालाला हात लावला, पायातलं वाळं फिरवून बघितलं. "मोठी झाली वो," म्हणाली. मी तिच्या कमरेकडे बघितलं. पाठीकडे बघितलं. काखेत फक्त रिकामी गोण होती. तिनेच सांगितलं.

"माझा नाय राहला. सेलवासला पोचलो, पन तवर झाला होता."

मी तिचा हात धरला. माझ्या कमरेवर माझं मूल फरसाण खात होतं. तेच पाणी, तेच गाणं, आणि माझ्या घरापासून दवाखाना रिक्षाने गेलं की येतो. इतकाच फरक. मला त्या बाजारात उभं राहवेना. गेले असते पळून, पण तिने हात सोडला नाही. तिला काहीतरी विचारायचं होतं. रागाने नाही. खरंच विचारायचं होतं, कितीतरी दिवस मनात घोळवलेलं.

"तुमच्या आजीनं पन तेच दिला म्हटल्यावर मला बरा वाटला होता, बाई. म्हटला, शिकलेल्या घरात पन हेच देतात, म्हंजे मी बरोबर केला. मागून सेलवासच्या डॉक्टरनी सांगला का तो टीव्हीवरचा डॉक्टर खोटा हाय. सोंग करतो. त्याला पांढरा कोट होता, गळ्यात नळी होती. आमाला कोनी सांगलाच नाय." "तुमाला ठावं होता? तो खोटा हाय म्हनून?"

"हो," मी म्हटलं. "आम्हाला ठाऊक होतं."

वनिता माझ्याकडे बघत राहिली. मग ओवीकडे. मग परत माझ्याकडे.

"ठावं होता," ती म्हणाली, "तरी दिलात?"